दादाभाईंचा ध्यास

जिल्ह्याचा कारभार पाहणारा मोठा अधिकारी आपल्या पदावर कसा येतो, असा प्रश्न तुमच्या मनात कधी आला आहे काय? तो कोणाचा पुतण्या आहे, कोणत्या सरदाराची चिठ्ठी घेऊन आला आहे, अशी चौकशी त्या पदासाठी कोणी करीत नाही. ठरलेल्या दिवशी परीक्षा होते. मुंबईचा श्रीमंत मुलगा आणि मराठवाड्यातील शेतकऱ्याचा मुलगा एकाच प्रश्नपत्रिकेची उत्तरे लिहितात. मग गुणांवरून निवड होते आणि निवड झालेल्यांना ठरलेला पगार मिळतो. ही रीत आज आपणांस अगदी स्वाभाविक वाटते. परंतु आपल्याच देशात, आपल्याच लोकांना, आपल्या देशाच्या नोकरीसाठी अशी परीक्षा देता येत नसे, असाही एक काळ होता. तो पालटावा म्हणून ज्या पुरुषाने आपल्या आयुष्याची जवळजवळ पन्नास वर्षे वेचली, त्या दादाभाई नौरोजींची ही कथा आहे.

दादाभाईंचा जन्म ४ सप्टेंबर १८२५ रोजी मुंबईतील एका गरीब पारशी कुटुंबात झाला. घराण्यात परंपरेने पुरोहिताचे काम चालत असे. दादाभाई अवघे चार वर्षांचे असताना त्यांचे वडील वारले आणि संसाराचा सारा भार माणेकबाई या त्यांच्या मातेवर पडला. माणेकबाईंना लिहितावाचता येत नव्हते. पण मुलाने शिकले पाहिजे, हा त्यांचा निश्चय मोठा दृढ होता. त्या वेळी मुंबईत काही विद्याप्रेमी लोकांच्या संस्थेने मोफत शिक्षण देणारी शाळा चालविली होती. तेथे फी द्यावी लागत नसे, म्हणूनच दादाभाईंचे शिक्षण होऊ शकले. गणितात त्यांची बुद्धी विशेष चाले. पुढे ते एल्फिन्स्टन संस्थेत गेले आणि तेथेही त्यांनी अनेक बक्षिसे मिळविली.

त्यांची हुशारी सर अर्स्किन पेरी या थोर इंग्रज न्यायाधीशांच्या नजरेत भरली. पेरी त्या काळी मुंबईच्या शिक्षण मंडळाचेही अध्यक्ष होते. या तरुणाला कायद्याच्या अभ्यासासाठी विलायतेस पाठवावे, असे त्यांनी सुचविले आणि निम्मा खर्च स्वतः सोसण्याची तयारी दाखविली. उरलेला निम्मा खर्च पारशी समाजाने करावा, अशी त्यांची अपेक्षा होती. परंतु मुलगा परदेशी गेला तर धर्म बदलील, अशी भीती समाजातील वडीलधाऱ्यांना वाटली आणि तो बेत तसाच राहिला. पेरींचे हे नाव लक्षात ठेवा. या कथेत ते पुन्हा येणार आहे.

विलायतेचा बेत फसल्यावर दादाभाईंपुढे पोटापाण्याचा प्रश्न उभा राहिला. मुंबई सरकारच्या कचेरीत त्यांना कारकुनाची एक जागा मिळण्याचा योगही आला होता. ती जागा त्यांनी घेतली असती, तर इंग्रज साहेबाच्या हाताखाली कागदांच्या नकला करण्यातच त्यांचे आयुष्य गेले असते. कारण एतद्देशीय माणसाला त्या काळी सरकारी नोकरीत फार वर चढता येत नसे. सुदैवाने तो योग जुळला नाही. ते एल्फिन्स्टन संस्थेतच शिक्षक झाले आणि वयाची तिशी उलटण्यापूर्वीच तेथे गणित आणि पदार्थविज्ञान या विषयांचे प्राध्यापक झाले. त्या संस्थेत प्राध्यापकपद मिळविणारे ते पहिले भारतीय होत.

याच काळात एका विचाराने त्यांच्या मनात घर केले. आपण फुकट शिकलो खरे, पण त्या शिक्षणाचा खर्च कोणी तरी केलाच असला पाहिजे. तो खर्च अखेर गरीब रयतेच्या कष्टांतून आला. तेव्हा आपल्या विद्येवर त्या रयतेचा हक्क आहे आणि ते ऋण आपण फेडले पाहिजे, असे त्यांना मनापासून वाटू लागले. मुलींसाठी शाळा काढण्याच्या कामी ते पुढे झाले. १८५१ साली त्यांनी रास्त गोफ्तार हे गुजराती वृत्तपत्र सुरू केले. सत्यवक्ता असा त्या नावाचा अर्थ आहे. दादाभाईंनी ते नाव आयुष्यभर सार्थ केले.

आता त्या काळच्या सरकारी नोकरीची हकिकत थोडी समजून घेतली पाहिजे. ईस्ट इंडिया कंपनी ही मुळात व्यापाऱ्यांची संस्था. तिच्या नोकरांना पगार फार थोडा असे. म्हणून ते खाजगी व्यापार करीत, नजराणे आणि लाच घेत आणि थोड्याच वर्षांत गबर होऊन मायदेशी परतत. १७८६ साली लॉर्ड कॉर्नवॉलिस गव्हर्नर जनरल होऊन आला. उपाशी नोकराकडून प्रामाणिकपणाची अपेक्षा करणे व्यर्थ आहे, हे त्याने ओळखले. त्याने खाजगी व्यापार बंद केला आणि अधिकाऱ्यांचे पगार भरपूर वाढविले. जिल्ह्याच्या कलेक्टराला दरमहा दीड हजार रुपये मिळू लागले. ही सुधारणा चांगली होती. पण तिच्या पोटात एक मोठा अन्यायही दडलेला होता. मोठ्या पगाराच्या आणि अधिकाराच्या जागा फक्त इंग्रजांसाठी राखल्या गेल्या. भारतीय माणूस कितीही लायक असला, तरी त्याला त्या जागांचे दार बंद झाले.

शिवाय इंग्रजांतही या जागा गुणांवर मिळत नसत. कंपनीचे संचालक आपल्या मुलांना, पुतण्यांना आणि स्नेह्यांच्या मुलांना त्या वाटीत. असे नेमलेले तरुण हेलीबरी येथील कंपनीच्या कॉलेजात थोडे शिकत आणि जहाजात बसून इकडे येत. १८३३ साली पार्लमेंटने एक कायदा केला. धर्म, जन्मस्थान, वंश किंवा वर्ण यांच्यामुळे कोणाही भारतीयाला कंपनीच्या नोकरीस अपात्र मानले जाणार नाही, असे त्यात म्हटले होते. वचन मोठे उदार होते. परंतु त्यानंतर वीस वर्षे लोटली, तरी एकाही भारतीयाला वरची जागा मिळाली नाही. जागा संचालकांच्या मर्जीने वाटल्या जात असताना आपल्या लोकांसाठी शब्द टाकणार तरी कोण?

१८५३ साली मात्र मोठा पालट झाला. संचालकांचा नेमणुकीचा हक्क काढून घेण्यात आला आणि यापुढे खुल्या स्पर्धा-परीक्षेने निवड व्हावी, असे ठरले. पुढच्याच वर्षी मेकॉले यांच्या समितीने परीक्षेचे विषय आणि गुण ठरवून दिले आणि १८५५ साली लंडनमध्ये पहिली परीक्षा झाली. परीक्षकाला वशिला कळत नाही. त्याला फक्त उत्तरपत्रिका दिसते. या दृष्टीने पाहता ही फार न्याय्य व्यवस्था होती. भारतीय तरुणांनाही ती परीक्षा देण्याची मोकळीक होती.

योगायोग असा की, याच १८५५ सालच्या जून महिन्यात दादाभाईही लंडनला निघाले. मुंबईच्या कामा मंडळींनी इंग्लंडात आपली व्यापारी पेढी काढण्याचे ठरविले होते आणि दादाभाई तिच्यात भागीदार झाले होते. प्राध्यापकाची मानाची जागा सोडून ते व्यापारात पडले, याचे अनेकांना नवल वाटले. परंतु इंग्लंडात राहावे, तेथील लोकांना आपल्या देशाची खरी स्थिती सांगावी, आपल्या तरुणांना तेथे आधार द्यावा, हा त्यांचा अंतःस्थ हेतू होता. अफू आणि दारू यांच्या व्यापाराचा पैसा त्यांना नको होता. म्हणून काही वर्षांनी त्यांनी ती पेढी सोडली आणि स्वतःची निराळी पेढी काढली.

लंडनमध्ये राहून परीक्षेची व्यवस्था जवळून पाहिल्यावर दादाभाईंना तिच्यातील अडचणी दिसू लागल्या. दार उघडे होते खरे, पण ते हजारो मैल दूर होते. मुंबईच्या किंवा पुण्याच्या मुलाने ही परीक्षा द्यायची म्हणजे समुद्र ओलांडून लंडनला जायचे, वर्ष दोन वर्षे तेथे राहायचे आणि शेकडो पौंड खर्च करायचे. एवढे करूनही यशाची खात्री नाहीच. घरचे दागिने मोडून गेलेला मुलगा नापास झाला तर त्याने करावे काय? समुद्रपर्यटन केले म्हणून जातीने वाळीत टाकण्याची भीती ती आणखी निराळी. परीक्षाही परक्या भाषेत आणि तिचे विषयही इंग्रज मुलांच्या सोयीचे. मेकॉले यांच्या समितीने ग्रीक आणि लॅटिन या भाषांना प्रत्येकी ७५० गुण ठेवले होते. संस्कृत आणि अरबी यांना मात्र प्रत्येकी ३७५. ज्या देशाचा कारभार करायचा, त्या देशाच्या प्राचीन भाषांची किंमत अशी निम्मी ठरली होती.

पहिला प्रत्यक्ष सामना लवकरच झाला. एक पारशी तरुण या परीक्षेसाठी लंडनला येऊन अभ्यास करीत होता. तेवीस वर्षांपर्यंत परीक्षा देता येईल, असा नियम पाहून तो आला होता. परंतु १८५९ साली ती मर्यादा एकाएकी बावीसवर आणण्यात आली आणि वयाच्या कारणावरून त्याला परीक्षेला बसू देण्याचे नाकारण्यात आले. दादाभाईंनी त्याची बाजू घेऊन अधिकाऱ्यांशी बराच पत्रव्यवहार केला. खेळ चालू असताना नियम बदलणे न्यायाचे नव्हे, हे त्यांनी परोपरीने पटवून देण्याचा प्रयत्न केला. त्याचा उपयोग झाला नाही. त्या तरुणाची संधी गेली. परंतु दादाभाईंच्या मनाने एक गोष्ट पक्की धरली. परीक्षा जोपर्यंत केवळ लंडनमध्ये होत आहे, तोपर्यंत आपल्या मुलांना न्याय मिळणार नाही. एकाच वेळी, एकच प्रश्नपत्रिका देऊन, ती लंडनमध्ये आणि भारतात अशी दोन्हीकडे झाली पाहिजे आणि दोन्हीकडच्या उमेदवारांची गुणानुक्रमे एकच यादी लागली पाहिजे. हाच त्यांचा ध्यास होय.

यात त्यांनी सवलत मागितली नव्हती, हे नीट ध्यानात घ्या. आमच्या मुलांना सोपे प्रश्न द्या, कमी गुणांवर पास करा, असे त्यांनी कधी म्हटले नाही. तराजू एकच असावा, एवढेच त्यांचे मागणे होते.

आणि हे मागणे वाजवी आहे, असे खुद्द सरकारच्याच माणसांचे मत होते. १८६० साली भारतमंत्र्यांच्या मंडळातील पाच सभासदांच्या समितीने या प्रश्नाचा विचार केला होता. दोन्ही देशांत एकाच वेळी परीक्षा घेणे हाच अधिक न्याय्य मार्ग होय, असा त्यांनी अहवाल दिला होता. त्या पाच सभासदांपैकी एक होते सर अर्स्किन पेरी. दादाभाईंना विलायतेस पाठवू पाहणारे तेच हे न्यायाधीश! परंतु सरकारने तो अहवाल प्रसिद्धच केला नाही. पुढे दादाभाईंनी त्या अहवालाचा उल्लेख आपल्या लेखांतून आणि भाषणांतून वारंवार केला.

१८६३ साली सत्येंद्रनाथ ठाकूर या बंगाली तरुणाने लंडनमध्ये ही परीक्षा उत्तीर्ण होऊन दाखविली. रवींद्रनाथांचे हे वडील बंधू. त्यांनी आपली बहुतेक नोकरी मुंबई इलाख्यात केली आणि तुकारामांचे अभंग बंगालीत नेले. भारतीयांच्या अंगी पात्रता नाही, असे म्हणणाऱ्यांना हे चोख उत्तर होते. पण आठ वर्षांत एक, ही गती पाहून समाधान कोण मानील?

१८६६ साली दादाभाईंनी लंडनमध्ये ईस्ट इंडिया असोसिएशन ही संस्था स्थापन केली. पुढच्या वर्षी तिच्या वतीने भारतमंत्री सर स्टॅफर्ड नॉर्थकोट यांच्याकडे अर्ज करण्यात आला आणि काही जागांसाठीची परीक्षा भारतात घेण्याची मागणी झाली. हे नॉर्थकोट कोण? १८५४ साली ट्रेव्हेलियन यांच्यासह त्यांनीच इंग्लंडातील सरकारी नोकरीविषयी एक प्रसिद्ध अहवाल लिहिला होता. नेमणुका वशिल्याने न होता परीक्षेने व्हाव्यात, हेच त्या अहवालाचे सार होते. जे तत्त्व इंग्लंडला हितकारक, ते भारताला का नको, हा दादाभाईंचा सवाल होता.

१८७० साली नवा कायदा झाला, पण त्यात परीक्षा नव्हती. काही भारतीयांना परीक्षेवाचूनच वरच्या जागांवर नेमता येईल, अशी त्यात तरतूद होती. तिचे नियम तयार व्हायला नऊ वर्षे लागली आणि निवड करताना उमेदवाराचे घराणे आणि समाजातील प्रतिष्ठा यांकडेच अधिक पाहिले जाऊ लागले. काही जणांना ही कृपा वाटली. दादाभाईंना मात्र तीत धोका दिसला. मागच्या दाराने आत आलेल्या माणसाला मान मिळत नाही. तो चुकला, तर साऱ्या समाजाच्या नावाने बोल लागतो. मर्जीने दिलेली जागा मर्जी फिरताच जाऊ शकते. परीक्षेने मिळविलेली जागा मात्र माणसाची स्वतःची असते. म्हणून ते पुनः पुन्हा परीक्षाच मागत राहिले.

परीक्षेचा रस्ता इकडे अधिकच अरुंद होत होता. १८६९ साली चार भारतीय उत्तीर्ण झाले. त्यांत सुरेंद्रनाथ बॅनर्जी, रमेशचंद्र दत्त आणि बिहारीलाल गुप्त हे बंगालचे होते, तर श्रीपाद बाबाजी ठाकूर हे आपल्या मुंबईचे होते. यांपैकी सुरेंद्रनाथ आणि श्रीपाद ठाकूर यांची नावे वयाच्या प्रश्नावरून यादीतून काढण्यात आली आणि बरीच खटपट केल्यावर त्यांना न्याय मिळाला. पुढे वयाची कमाल मर्यादा आणखी खाली आली. १८७८ पासून ती अवघी एकोणीस वर्षे झाली. आता विचार करा, एकोणिसाव्या वर्षी परीक्षा द्यायची, तर मुलाने सोळासतराव्या वर्षीच घर सोडले पाहिजे. इतक्या कोवळ्या मुलाला सातासमुद्रांपलीकडे एकट्याने पाठविणारे आईबाप किती निघणार? नियमाच्या एका ओळीने हजारो मुलांची वाट बंद झाली होती.

मधल्या काळात दादाभाईंना स्वतःच राज्यकारभार करून पाहण्याचा प्रसंग आला. बडोद्याचे महाराज मल्हारराव गायकवाड यांनी १८७४ साली त्यांना दिवाण नेमले. दरबारात लाचलुचपत बोकाळली होती आणि न्यायसुद्धा पैशाने विकत मिळे, असा बोलबाला होता. दादाभाईंनी ही घाण साफ करण्यास हात घातला. परंतु एका बाजूस जुने दरबारी आणि दुसऱ्या बाजूस कर्नल फेअर हा प्रतिकूल इंग्रज रेसिडेंट, यांच्या कात्रीत ते सापडले. थोड्याच काळात त्यांनी पदाचा राजीनामा दिला. पद टिकविण्यासाठी तत्त्व सोडणे त्यांच्या स्वभावात नव्हते.

दादाभाई मुळात गणिती. त्यांनी आता पगारांच्या प्रश्नाकडे गणितीच्या दृष्टीने पाहिले. सरकारी अहवालांतील आकडे जमवून त्यांनी हिशेब मांडला, तेव्हा त्या वेळच्या भारतीयाचे सरासरी उत्पन्न वर्षाला अवघे वीस रुपये भरले. तुरुंगातील कैद्याला जे अन्नवस्त्र मिळते, तेवढेही या उत्पन्नात मिळणार नाही, असे त्यांनी दाखवून दिले. एवढ्या गरीब रयतेकडून गोळा केलेल्या करातून वरच्या अधिकाऱ्यांचे मोठमोठे पगार दिले जात. अधिकारी इंग्रज असल्यामुळे त्या पगारातील शिल्लक इंग्लंडला जाई. निवृत्त झाल्यावर त्यांची पेन्शनेही तेथेच पोचविली जात. विहिरीचे पाणी दुसऱ्याच्या शेतात वाहून जावे आणि आपले शेत करपावे, तशी ही स्थिती होती.

पण पैशापेक्षाही मोठी एक हानी त्यांनी सांगितली. माणूस तीस वर्षे कारभार करतो, तेव्हा त्याच्याजवळ अनुभवाचे धन साठते. निवृत्तीनंतर तो आपल्या गावी राहिला, तर नव्या पिढीला त्या शहाणपणाचा लाभ होतो. आपल्या देशात मात्र अधिकारी निवृत्त झाला की बोटीत बसून निघून जाई आणि त्याचा अनुभवही त्याच्याबरोबर जाई. अशा रीतीने देश पैशाला मुके आणि शहाणपणालाही मुके. म्हणून नेमणुकीचा प्रश्न चार सुशिक्षितांच्या पोटाचा नाही, तो साऱ्या देशाच्या जीवनमरणाचा आहे, असे दादाभाई सांगत.

१८८५ च्या डिसेंबरात मुंबईस गोकुळदास तेजपाल संस्कृत पाठशाळेत राष्ट्रीय सभेचे पहिले अधिवेशन भरले. एकाच वेळी दोन्ही देशांत परीक्षा घ्याव्यात आणि वयाची मर्यादा वाढवावी, असा ठराव तेथे झाला. तो दादाभाईंनीच मांडला होता. पुढे सरकारने सरकारी नोकऱ्यांच्या चौकशीसाठी एक आयोग नेमला. त्याच्यापुढे १८८७ साली दादाभाईंनी साक्ष दिली. आयोगाने वय वाढविण्याची शिफारस केली. भारतात परीक्षा घेण्याची सूचना मात्र नाकारली. वर्षानुवर्षे दार ठोठावल्यावर ते बोटभर किलकिले झाले, एवढेच.

तेव्हा जेथे कायदे होतात, त्या पार्लमेंटमध्येच जाऊन बसावे, असे दादाभाईंनी ठरविले. १८८६ च्या निवडणुकीत ते हरले. पुढे इंग्लंडच्या पंतप्रधानांनी एका भाषणात त्यांच्या वर्णाचा अनुदार उल्लेख केला. तेव्हा अनेक इंग्रजांनाच त्याची लाज वाटली आणि दादाभाईंचे नाव घरोघर पोचले. १८९२ साली लंडनमधील मध्य फिन्सबरी मतदारसंघातून ते अवघ्या तीन मतांच्या आधिक्याने निवडून आले. सदुसष्टाव्या वर्षी एक भारतीय ब्रिटिश पार्लमेंटच्या सामान्य सभागृहात पहिल्याने जाऊन बसला.

पुढच्याच वर्षी, २ जून १८९३ रोजी, त्यांच्या ध्यासाची कसोटी लागली. हर्बर्ट पॉल या सभासदाने दोन्ही देशांत एकाच वेळी परीक्षा घेण्याचा ठराव मांडला आणि दादाभाईंनी त्याला जोराचा पाठिंबा दिला. सरकारचा विरोध असतानाही मतमोजणीत ठरावाच्या बाजूने ८४ आणि विरुद्ध ७६ मते पडली. ठराव संमत झाला! भारतात आनंदाची लाट उसळली. त्याच वर्षी दादाभाई लाहोरच्या अधिवेशनाचे अध्यक्ष म्हणून मायदेशी आले, तेव्हा लोकांनी त्यांचे अपूर्व स्वागत केले.

परंतु हा आनंद फार काळ टिकला नाही. ठराव म्हणजे कायदा नव्हे. सरकारने येथील प्रांतिक सरकारांची मते मागविली. मद्रासखेरीज सर्वांनी विरोध दर्शविला आणि पार्लमेंटने संमत केलेला तो ठराव कागदावरच राहिला. १८९५ च्या निवडणुकीत दादाभाईंचाही पराभव झाला. वयाच्या सत्तराव्या वर्षी एवढा आघात सोसल्यावर दुसरा एखादा निराश होऊन घरी बसला असता. दादाभाई मात्र पुन्हा आकडे घेऊन बसले. भारताच्या खर्चाची चौकशी करण्यासाठी नेमलेल्या शाही आयोगाचे ते सभासद होते; तेथेही त्यांनी हाच प्रश्न धसास लावण्याचा प्रयत्न केला. १९०१ साली त्यांचा प्रसिद्ध इंग्रजी ग्रंथ निघाला. भारताचे दारिद्र्य आणि त्याला कारण झालेली राज्यपद्धती, हा त्याचा विषय होता.

१९०६ साली ते पुन्हा बोटीने भारतात आले आणि कलकत्त्याच्या अधिवेशनाचे अध्यक्ष झाले. वय एक्याऐंशी, आवाज क्षीण. म्हणून त्यांचे भाषण गोपाळ कृष्ण गोखले यांनी वाचून दाखविले. त्यात दादाभाईंनी स्वराज्याची मागणी केली. इंग्लंडचा कारभार जसा इंग्लंडच्या लोकांच्या हाती आहे, तसाच भारताचा कारभार, त्यातील सर्व खाती आणि सर्व नोकऱ्या यांसह, भारतीयांच्या हाती असला पाहिजे, असे त्यांनी स्पष्ट सांगितले. एका पारशी तरुणाच्या परीक्षेसाठी लिहिलेल्या पत्रांपासून सुरू झालेला विचार अखेर स्वराज्यापर्यंत येऊन पोचला होता. दाराजवळ उभे राहून प्रवेश मागणाऱ्याला कळून चुकले होते की, घरच आपले आहे.

त्यानंतर दादाभाई मुंबईजवळ वर्सोव्यास येऊन राहिले. लोक त्यांना आदराने भारताचे पितामह म्हणत. ३० जून १९१७ रोजी, वयाच्या एक्याण्णवाव्या वर्षी त्यांचे देहावसान झाले. ज्या परीक्षेसाठी ते झगडले, ती भारतात झालेली त्यांना पाहता आली नाही. त्यांच्या मृत्यूनंतर पाच वर्षांनी, १९२२ साली, अलाहाबाद येथे ती पहिल्याने घेण्यात आली. १९२६ साली नोकरभरतीसाठी स्वतंत्र आयोग स्थापन झाला. १९५० साली अमलात आलेल्या आपल्या संविधानाने सरकारी नोकरीत सर्व नागरिकांना समान संधीचा हक्क दिला. ज्या परीक्षेत एके काळी ग्रीक आणि लॅटिन यांना मोठा मान होता, तिच्याच जागी आज होणाऱ्या परीक्षेच्या मुख्य प्रश्नपत्रिका मराठीतूनही सोडविता येतात.

दादाभाईंनी स्वतः ही परीक्षा कधी दिली नाही, तिच्यातून त्यांना कोणते पद वा पगार मिळाला नाही. ते झगडले ते आपल्याहून लहान असलेल्यांसाठी आणि पुढे जन्माला येणाऱ्यांसाठी. विधवा मातेच्या मुलाला फुकट शिक्षण मिळाले, त्याचे ऋण त्याने असे फेडले. परीक्षेच्या दालनात एखादा मुलगा किंवा मुलगी आपल्या क्रमांकाच्या बाकावर जाऊन बसते, तेव्हा तिच्याजवळ वशिल्याची चिठ्ठी नसते. असते ती फक्त लेखणी आणि केलेला अभ्यास. तेवढ्यावर भागावे, यासाठी दादाभाईंनी आपले आयुष्य वेचले.